वऱ्हाडातील हेमाडपंती देवळे : दगड, नाव आणि उंबरठा

वऱ्हाडात एखादे जुने, काळ्या दगडाचे, चुन्याशिवाय रचलेले बांधकाम दिसले की ते 'हेमाडपंथी' आहे असे सांगून लोक मोकळे होतात. देऊळ असो, बारव असो, गावाबाहेरचा पडका मंडप असो, शब्द एकच. बोलण्यात 'पंत'चा 'पंथ' होऊन गेला आहे. जणू हेमाड नावाचा एखादा पंथ होता आणि त्याचे हे अवशेष आहेत. शाळेत या विषयाला दोन वाक्यांपलीकडे जागा मिळत नाही. यादवांचा प्रधान हेमाद्री याने ही देवळे बांधली, हे एक वाक्य. त्यांत चुना वापरलेला नाही, हे दुसरे. यातले दुसरे वाक्य बरेचसे खरे आहे. पहिले खरे नाही, आणि ते का रूढ झाले याचा विचार आपण करायला हवा.

आपल्या वाचकांपैकी काहींना या विषयाचे प्रयोजनच कळणार नाही. ज्या देवळाच्या पायरीपर्यंतही आपल्या आजोबांना येऊ दिले नाही, आणि १९५६ नंतर ज्याच्याकडे आपण समजूनउमजून पाठ फिरवली, त्याच्या खांबांचे आणि छतांचे वर्णन आपण कशाला वाचावे? हा प्रश्न रास्त आहे. पण भक्ताने देऊळ सोडणे आणि अभ्यासकाने देऊळ सोडणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. आठशे वर्षांपूर्वी या मुलखात माणसांची उतरंड कशी लावलेली होती, श्रम कोणाचे होते आणि नाव कोणाचे लागले, याचे कागद फार थोडे आहेत. दगड मात्र जागच्या जागी उभे आहेत. तो पुरावा इतरांच्या हाती सोपवून द्यावा असे मला वाटत नाही.

नावापासूनच सुरुवात करू. हेमाद्री ऊर्फ हेमाडपंत हा देवगिरीच्या महादेव यादवाचा आणि त्यानंतर रामचंद्रदेवाचा श्रीकरणाधिप, म्हणजे राज्याच्या दप्तराचा मुख्य अधिकारी. महादेवाची कारकीर्द १२६१ ते १२७१, रामचंद्राची १२७१ ते १३११. तेव्हा हेमाद्रीचा काळ तेराव्या शतकाचा उत्तरार्ध ठरतो. आता अकोला जिल्ह्यातील बार्शीटाकळीला जावे. तेथील कालंका देवीच्या देवळातला शिलालेख शके १०९८ चा, म्हणजे इसवी सन ११७६ च्या सुमाराचा आहे. हेमाद्री अधिकारावर येण्याच्या ऐंशीहून अधिक वर्षे आधीचा. गंमत अशी की या लेखात हेमाद्रदेव नावाचा टाकळीचा एक स्थानिक राजा येतो. नावात साम्य आहे, पण त्याचा आणि देवगिरीच्या प्रधानाचा काही संबंध नाही. कोकणातले अंबरनाथचे देऊळही याच बांधणीच्या कुळातले, आणि त्याचा लेख शके ९८२ चा, इसवी सन १०६० चा आहे. म्हणजे ज्याच्या नावाने ही पद्धत ओळखली जाते तो अधिकारी होण्याच्या दोनशे वर्षे आधी ती महाराष्ट्रात चांगली रुजली होती.

मग हे नाव आले कोठून? हेमाद्रीने काही देवळे बांधविली असतील, काहींना देणग्या दिल्या असतील. पण त्याची खरी कीर्ती 'चतुर्वर्गचिंतामणि' या प्रचंड संस्कृत ग्रंथामुळे आहे. कोणत्या तिथीला कोणते व्रत करावे, कोणते दान कोणाला द्यावे, श्राद्ध कसे करावे, यांचा तो महाकोश. वर्षाचा क्वचितच एखादा दिवस विधीशिवाय राहील अशी त्याची व्याप्ती. लोकांनी पुढे मोडी लिपीचे श्रेय त्याला दिले, बाजरी त्यानेच आणली असेही म्हटले. सत्तेच्या दप्तरात आणि धर्माच्या दप्तरात एकाच माणसाचे नाव मोठे असले म्हणजे असे होते. जे जे जुने ते ते त्याच्या नावावर चढते. पिढ्यान्‌पिढ्या छिन्नी चालवणाऱ्या पाथरवटांचे काम एका धर्मशास्त्रकाराच्या खात्यावर जमा झाले, आणि आपणही ते निमूटपणे तसेच म्हणत आलो. शब्द इतका रुळला आहे की या लेखातही मला तोच वापरावा लागतो.

आता बांधणी पाहू. चुना नाही म्हणजे दोन चिऱ्यांमध्ये सांधणारे काहीच नाही. प्रत्येक दगड इतका सपाट घडवलेला असतो की तो खालच्या दगडावर आपल्या वजनानेच घट्ट बसतो. कोठे खालच्या दगडात खळगा आणि वरच्या दगडाला त्यात बसणारा उंचवटा असतो, म्हणजे तो सरकत नाही. खरी कमान या कारागिरांनी वापरली नाही. दोन खांबांवर आडवी दगडी तुळई आणि तुळयांवर शिळा, असा सगळा हिशेब. मोठा चौकोन झाकायचा झाला तर त्याच्या चार कोपऱ्यांवर तिरप्या शिळा ठेवतात. आत लहान चौकोन उरतो. त्याच्या कोपऱ्यांवर पुन्हा तिरप्या शिळा. असे करीत शेवटी जे भोक उरते ते एका कोरीव शिळेने बंद करतात. दुसरी रीत गोल थरांची: प्रत्येक थर खालच्या थरापेक्षा थोडा आत सरकवायचा आणि वर मिटवून टाकायचा. खाली उभे राहून वर पाहिले की उमलते फूल दिसते. डोक्यावर टनावारी दगड केवळ तोलावर उभा आहे हे तेव्हा लक्षातही येत नाही.

खांब दाट का, याचेही उत्तर यात आहे. दगडाला दाब सोसतो, ताण सोसत नाही. लांब तुळई स्वतःच्याच वजनाने मध्ये तडकते, म्हणून खांब जवळ जवळ घ्यावे लागतात आणि मंडपाची रुंदी मर्यादित राहते. तळाशी चौरस, मध्ये अष्टकोनी, वर गोल असे खांबाचे आकार बदलत जातात. खांबाच्या माथ्यावर, जेथे तुळईचा भार येतो, तेथे पुष्कळ देवळांत ठेंगणी, पोट सुटलेली, गुडघ्यात वाकलेली माणसे कोरलेली असतात. दोन्ही हात वर करून ती छत पेलतात. त्यांना कीचक म्हणतात. शिल्पाची पुस्तके त्यांच्याकडे विनोदी आकृती म्हणून पाहतात. सबंध देवळात भार वाहताना दाखवलेली माणसे काय ती तेवढीच.

हा भार किती असेल याचा साधा हिशेब विद्यार्थ्यांनी करून पाहावा. आपल्याकडच्या काळ्या दगडाचे वजन एका घनफुटाला सुमारे ऐंशी किलो भरते. आठ फूट लांब, दीड फूट रुंद, दीड फूट जाड अशी एक तुळई घेतली तर ती अठरा घनफूट, म्हणजे जवळपास दीड टन होते. अशा तुळया एका मंडपात कितीतरी असतात. आता अमरावती जिल्ह्याच्या दर्यापूर तालुक्यातील लासूरच्या आनंदेश्वराचे देऊळ डोळ्यांपुढे आणा. हा पूर्णेच्या खोऱ्यातला खारपाणपट्टा. येथे जमिनीखाली हातच्या हात खोल गाळाची माती. विहिरीला खारे पाणी लागते, खडक लागत नाही. देवळाजोगा दगड उत्तरेला गाविलगडच्या बाजूला, नाहीतर दक्षिणेच्या डोंगराळ कडेला. म्हणजे लासूरच्या देवळाचा एकेक चिरा कित्येक कोसांवरून काळ्या मातीतून ओढत आणलेला आहे. पावसाळ्यात या मातीत रिकामी बैलगाडी रुतते. तेव्हा हे ओढकाम उन्हाळ्याचे, आणि वऱ्हाडचा उन्हाळा काय असतो हे सांगायला नको.

खाणीतून दगड फोडणारे, तो वाहणारे, टाक्या-छिन्न्यांना रोज पाणी देणारे लोहार, ओढणारी जनावरे, त्यांच्यासाठी चारा-पाणी, एवढ्या लोकांची भाकर. देवळे राजाच्या दानाने उभी राहिली असे शिलालेख म्हणतात. दान जमिनीच्या उत्पन्नातून आले आणि ते उत्पन्न राबणाऱ्यांनी पिकवले. हे लेखात येत नाही. राजाचे नाव येते, दात्याचे येते, कधी सूत्रधाराचे म्हणजे मुख्य शिल्पकाराचेही येते. ओझे वाहणाऱ्याचे नाव येत नाही. गावगाड्यात ज्यांच्या माथी वेठबिगार होती ते या कामापासून दूर ठेवले गेले असतील असे समजायला काहीच आधार नाही. विटाळ दगड वाहताना लागत नाही. दगड देव झाला की लागतो.

देवळाची आखणी आता बाहेरून आत अशी वाचत जाऊ. सर्वांत खाली उंच जोते, जगती. त्यावर चढून गेल्यावर मुखमंडप. त्याच्या दोन्ही अंगांना पाठ टेकून बसता येईल अशी दगडी बाके, म्हणजे कक्षासने. पुढे सभामंडप. त्याच्या मधल्या चार खांबांच्या चौकात जमिनीवर एक मोठी, बहुधा गोल शिळा, ती रंगशिळा. नाच, गाणे, कीर्तन तेथे. मग अंतराळ नावाची अरुंद मोकळी जागा. तिच्यापुढे गाभाऱ्याचे दार. दाराच्या चौकटीवर एकात एक नक्षीपट्ट्या, त्या द्वारशाखा. माथ्यावर मध्यभागी बहुधा गणपती. खाली उंच उंबरठा आणि त्याच्या पुढ्यात अर्धगोल चंद्रशिळा. उंबरठ्यावर कीर्तिमुखाचे जबडे. आत चौरस, खिडकी नसलेला, काळोखा गाभारा.

या क्रमात तीन गोष्टी एकदमच घडतात. प्रकाश कमी होत जातो. वाट अरुंद होत जाते. आणि माणसांची संख्या घटत जाते. मुखमंडपात शंभर माणसे मावतील तर अंतराळात दहा, आणि गाभाऱ्यात एक पुजारी. शिल्पशास्त्राचे अभ्यासक याला बाह्य जगाकडून अंतर्मनाकडे जाणारा प्रवास म्हणतात. ज्याला शेवटपर्यंत जाता आले त्याने हे म्हणावे. आपल्या दृष्टीने ही अधिकारांची मोजपट्टी आहे, आणि ती दगडात पक्की केलेली आहे. गाभाऱ्यात कोणी जावे, मंडपात कोणी बसावे, अंगणात कोणी थांबावे आणि गावकुसाबाहेरूनच हात कोणी जोडावेत, हे कोठे लिहून ठेवण्याची गरज पडली नाही. जोते, मंडप, उंबरठा यांनी ते रोज सांगितले. बाहेरच्या भिंतीवरची शिल्पे तरी सर्वांसाठी होती काय? तीही आवाराच्या आत. बाहेरच्यासाठी उरले शिखर. कळस पाहिला की देव पाहिल्याचे पुण्य लागते, ही समजूत किती सोयीची होती पाहा. वऱ्हाडातल्या कितीतरी जुन्या देवळांची शिखरे आज शिल्लक नाहीत, तेव्हा तेवढेही नाही.

लोणारचे दैत्यसूदनाचे देऊळ या पद्धतीतले वऱ्हाडातले सर्वांत समृद्ध उदाहरण. बुलढाणा जिल्ह्यातले हे गाव अशनिपाताने झालेल्या सरोवराच्या काठावर आहे. सरोवराच्या विवराचा व्यास सुमारे १.८ किलोमीटर. देऊळ साधारण १०५ फूट लांब, तारकाकृती तळाचे. तारकाकृती म्हणजे भिंत सरळ न जाता पुढे-मागे कोन करीत जाते. त्यामुळे उन्हात उभ्या सावल्यांच्या रेघा पडतात आणि भिंत आहे त्याहून उंच भासते. वरचे बांधकाम विटांचे आणि अपुरे आहे. आतल्या छतांवर कथा कोरल्या आहेत: कृष्ण आणि कंस, नरसिंह आणि हिरण्यकशिपू, आणि लोणारची स्वतःची कथा, विष्णूने मारलेला लवणासुर. सरोवराचे विवर ही या असुराची गुहा, अशी आख्यायिका. गाभाऱ्यातला विष्णू आडव्या पडलेल्या असुराच्या अंगावर उभा आहे.

जोतीराव फुल्यांनी 'गुलामगिरी'त (१८७३) दैत्य, राक्षस, बळी यांच्या कथा उलट्या बाजूने वाचल्या, हे आपल्या वाचकांना सांगायला नको. त्या वाचनाची सवय झालेला माणूस या गाभाऱ्यात देवापेक्षा त्याच्या पायाखालच्याकडे आधी पाहील. लवणासुर हा येथला कोणी ऐतिहासिक राजा होता असे म्हणण्याचा मोह मात्र टाळावा. पुराणकथा हा वंशावळीचा पुरावा होत नाही, आणि आपल्या लिखाणात तो तसा वापरला जातो तेव्हा आपलीच बाजू दुबळी होते. एवढे मात्र निश्चित म्हणता येते: ज्यांनी हे देऊळ बांधविले त्यांना विजयाचे चित्र गाभाऱ्यात हवे होते, आणि पराभूताला काय म्हणायचे हे ठरवण्याचा अधिकार त्यांच्याकडे होता.

इमारतीवरून समाज वाचण्याची ही रीत इंग्लंडमध्ये गावच्या जुन्या चर्चबाबत फार मुरलेली आहे, म्हणून थोडी तुलना करतो. मध्ययुगीन इंग्लंडमध्ये प्रत्येक गाव कोणत्या ना कोणत्या पॅरिशमध्ये मोडे. पॅरिश म्हणजे एका धर्मगुरूच्या देखरेखीखालचा मुलूख. त्यातल्या माणसाचा बाप्तिस्मा, लग्न आणि दफन त्याच चर्चमध्ये, आणि त्याच्या उत्पन्नाचा दहावा हिस्साही त्याच चर्चला. इमारतीचे दोन मुख्य भाग. पश्चिमेकडचे लांब दालन लोकांचे, त्याला नेव्ह म्हणतात. पूर्वेकडचा वेदीचा भाग धर्मगुरूंचा, तो चॅन्सेल. मध्ये कोरीव लाकडी पडदा. तेव्हा उतरंड तेथेही बांधकामातच होती. पण तेराव्या शतकापासून एक नियम रूढ झाला: चॅन्सेलची दुरुस्ती त्या चर्चचे उत्पन्न घेणाऱ्याने करावी, नेव्हची गावकऱ्यांनी. त्यासाठी गावकऱ्यांतूनच कारभारी नेमले जात आणि ते हिशेब ठेवीत. छपराचे शिसे, घंटेचा दोर, सुताराची मजुरी, असल्या नोंदींच्या मध्ययुगीन वह्या कित्येक गावांच्या आजही उपलब्ध आहेत.

याचा अर्थ तेथे समता नांदत होती असा नाही. जमीनदाराचे थडगे आत, गरिबाचे बाहेर अंगणात. बाप्तिस्मा न झालेल्या पोराला पवित्र जमिनीत जागा नव्हती. तरीही जमिनीला जखडलेले, मालकाच्या परवानगीशिवाय गाव सोडू न शकणारे कूळ रविवारी त्या नेव्हमध्ये उभे राहत होते, आणि त्याच्या स्पर्शाने वेदी बाटत नव्हती. फरक येथे आहे. आणि तो ख्रिस्ती धर्माच्या अंगच्या गुणाने आहे असेही समजू नये. हाच धर्म भारतात आला तेव्हा तामिळनाडूतल्या वडक्कनकुळम येथे एकोणिसाव्या शतकात असे चर्च बांधले गेले की वेदी एक आणि तिच्याकडे येणारी दालने दोन. एक वरच्या जातींसाठी, एक खालच्यांसाठी. विजारीच्या दोन पायांसारखा त्याचा आकार. जात इमारत बदलते. इमारत जात बदलत नाही.

आपल्याकडे देवळांच्या अशा हिशेबवह्या नाहीत. पण वऱ्हाडाला दुसरे एक साधन लाभले आहे, आणि ते मराठीत आहे. अमरावती जिल्ह्यातील मोर्शी तालुक्यातले रिद्धपूर हे महानुभाव पंथाचे आद्य स्थान. चक्रधरांच्या आठवणी म्हाइंभटाने रिद्धपूरलाच १२७८ च्या सुमारास गोळा केल्या. तो ग्रंथ लीळाचरित्र. चक्रधर गावोगाव फिरत आणि पुष्कळदा देवळांत उतरत. लोणारचा मुक्कामही लीळाचरित्रात आहे. अनुयायांनी पुढे अशा प्रत्येक स्थानाची नोंद केली. देऊळ कोणत्या दिशेचे, दार कोठे, आवाराची भिंत कोठे, स्वामी कोठे बसले, कोठे निजले. हीच स्थानपोथी. राजाने कोरवलेला लेख देवळाविषयी जे सांगत नाही ते ही पोथी सांगते: ही जागा लोक प्रत्यक्ष कशी वापरीत, कोठे उतरत, कोठे जेवत, कोठे बोलत बसत. देवळांच्या अभ्यासकांनी तिचा उपयोग केला आहे. आपल्या विद्यार्थ्यांनी अजून पुरेसा केलेला नाही.

याच परंपरेत रिद्धपूरच्या गोविंदप्रभूंच्या लीळा आहेत. ते मातंगांच्या वस्तीत जातात, तेथून उठून तसेच ब्राह्मणांच्या घरात शिरतात, आणि गावाला विटाळाचा पेच पडतो. पाणी नाही म्हणून विनवणी करणाऱ्या मातंगांना ते विहिरीची जागा दाखवतात. या गोष्टींत चमत्काराचा भाग आहेच. पण तेराव्या शतकात रिद्धपूरच्या मातंगांना पाण्यासाठी स्वतंत्र विहीर लागत होती, हे चमत्कार म्हणून कोणी लिहिलेले नाही. ते जाता जाता आले आहे, म्हणून जास्त विश्वसनीय आहे. चक्रधरांचा छळ करणाऱ्यांत महानुभाव परंपरा ज्याचे नाव घेते तो हेमाद्री. व्रतांचा महाकोश रचणारा प्रधान आणि व्रतवैकल्ये बाजूला सारणारा संन्यासी एकाच वेळी एकाच मुलखात होते. देवळांना नाव लागले ते प्रधानाचे.

बांधकाम आणि बहिष्कार यांची गाठ ज्याच्या आयुष्यात पडली तो चोखामेळा. एका परंपरेनुसार तो वऱ्हाडातला, देऊळगाव राजाजवळच्या मेहुणाराजाचा. त्याची बहीण निर्मळा आणि मेहुणा बंका यांच्या आठवणी तेथे सांगतात. मंगळवेढ्याला कुसाचे काम चालू असता भिंत कोसळली आणि तिच्याखाली सापडून तो मेला. वर्ष १३३८ असे सांगितले जाते. त्याच्यासोबत इतरही महार मजूर गाडले गेले. गावाचे कूस म्हणजे ज्याच्या बाहेर महारवाडा असतो ती भिंत. ती बांधायला महारच लागत होते. देवळांच्या ओझेकऱ्यांची नावे शिलालेखांत नाहीत असे वर म्हटले. मध्ययुगातल्या बांधकामावर राबणाऱ्या एका महाराचे नाव आपल्याला कळते, ते त्याने अभंग रचले म्हणून. त्याची समाधी पंढरपूरच्या महाद्वाराशी आहे, बाहेर. ज्या देवळात तो जिवंतपणी जाऊ शकला नाही ते सर्वांसाठी खुले व्हावे म्हणून साने गुरुजींना मे १९४७ मध्ये उपोषण करावे लागले.

वऱ्हाडात या उंबरठ्याला आव्हान मिळाले ते अमरावतीला. अंबादेवीचे देऊळ शहराचे कुलदैवत असल्यासारखे. त्याची आजची इमारत हेमाडपंती नाही, उंबरठा मात्र त्याच जातीचा. १९२७ साली ते अस्पृश्यांना खुले करावे अशी मागणी पुढे आली आणि सत्याग्रहाची तयारी सुरू झाली. १३ नोव्हेंबर १९२७ रोजी इंद्रभुवन थिएटरात वऱ्हाड प्रांतिक अस्पृश्य परिषद डॉ. आंबेडकरांच्या अध्यक्षतेखाली भरली. पंजाबराव देशमुखांसारखे स्पृश्य समाजातील पुढारी तेथे हजर होते. परिषद चालू असतानाच बाबासाहेबांचे थोरले बंधू बाळाराम वारल्याची तार आली. तरी कामकाज पुरे झाले. सत्याग्रह काही काळ पुढे ढकलण्याचे ठरले. तारीख ध्यानात घेण्यासारखी आहे: महाडच्या तळ्याचे पाणी त्याच वर्षी २० मार्चला घेतले गेले होते आणि मनुस्मृती २५ डिसेंबरला जाळायची होती. अमरावती या दोहोंच्या मध्ये येते. बाबासाहेबांची त्यावेळची भूमिका हक्काची होती: हा धर्म घडवण्यात अस्पृश्यांचाही वाटा आहे, म्हणून देवळावर त्यांचाही अधिकार आहे. देवळांच्या दगडांबाबत तर हे अक्षरशः खरे ठरते.

नाशिकला काळाराम मंदिराचा सत्याग्रह २ मार्च १९३० रोजी सुरू झाला आणि वर्षानुवर्षे चालला. दार उघडले नाही. १३ ऑक्टोबर १९३५ ला येवल्याची घोषणा झाली. त्यानंतर देवळात शिरण्याचा प्रश्न आपल्या चळवळीपुरता मागे पडला. मध्यप्रांत व वऱ्हाडसाठी मंदिरप्रवेशाचा कायदा १९४७ साली आला, संविधानाने १९५० मध्ये अस्पृश्यता रद्द केली, १९५५ चा केंद्रीय कायदा आल्यावर हे प्रांतिक कायदे त्यात विरून गेले. म्हणजे कायद्याने दार उघडायला सुरुवात केली तेव्हा दारावर उभे राहिलेले लोक दुसऱ्या वाटेला लागले होते. १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपूरला ती वाट पक्की झाली.

बौद्ध म्हणून वऱ्हाडच्या मातीकडे पाहताना आणखी एक स्थळ लक्षात ठेवले पाहिजे. बुलढाणा जिल्ह्यात, संग्रामपूर तालुक्यात, पूर्णेच्या काठी भोन येथे डेक्कन कॉलेजच्या पुरातत्त्वज्ञांनी या शतकाच्या पहिल्या दशकात उत्खनन केले, तेव्हा विटांच्या एका प्राचीन स्तूपाचे अवशेष मिळाले. हेमाडपंती देवळांपेक्षा ते हजाराहून अधिक वर्षांनी जुने. जिगाव प्रकल्पाच्या बुडीत क्षेत्रात हे स्थळ मोडते. लोणारची देवळे संरक्षित स्मारके आहेत आणि ती असलीच पाहिजेत. पण काळा दगड डोळ्यांना दिसतो, विटांचा पाया मातीखाली असतो. आणि जे दिसत नाही त्यासाठी कोणी तरी बोलावे लागते.

शिक्षक मित्रांना शेवटी एक काम सुचवतो. आपल्या गावी वा तालुक्यात असे देऊळ असेल तर मुलांना तेथे न्यावे, सोबत दोरी, फूटपट्टी आणि वही असावी. जोत्याची उंची, दारांची रुंदी, उंबरठ्याची उंची मोजावी. हा दगड कोणत्या खाणीचा असेल, तेथून येथवर रस्ता कोणता, हे विचारावे. देवळाच्या इनामाची जमीन कोणती होती आणि ती कोण कसत होते, हे जुन्या कागदांत शोधावे. १९४७ पूर्वीचे दिवस पाहिलेली माणसे आता फार थोडी उरली आहेत. गावात एखादी आजी असेल तर ती जत्रेच्या दिवशी नेमकी कोठे उभी राहत असे ती जागा तिला दाखवायला सांगावी, आणि तेथपासून गाभाऱ्यापर्यंतचे अंतर दोरीने मोजून वहीत लिहावे. मग जुन्या महारवाड्यात जाऊन निंबाखालचा मरीआईचा दगड पाहावा. अजून असेल तर त्यावरचा शेंदूर नीट निरखावा. खाली कोरीव काम असले तर तो तुकडा कोणत्या देवळाचा, हेही लिहून ठेवावे.